एकांताचे राखणदार

आपल्या भाषेचा एक गुण असा आहे की, जेथे अनुभव दोन असतात तेथे ती सहसा एका शब्दावर भागवून नेत नाही. माणूस एकटा असण्याच्या ज्या दोन अवस्था आहेत त्यांस तिने ‘एकांत’ आणि ‘एकटेपणा’ असे दोन शब्द दिले, आणि त्या दोहोंची क्रियापदेही निराळी ठेवली. एकटेपणा ‘वाटतो’, ‘जाणवतो’, फार झाले म्हणजे ‘खायला उठतो’. एकांत मात्र ‘मिळतो’ किंवा ‘लाभतो’. या ‘मिळणे’ क्रियापदाकडे आमचे लक्ष अलीकडे वारंवार जाऊ लागले आहे. जी वस्तू मिळते तिचा कोणीतरी देणारा असावयास पाहिजे. मग एकांताचा देणारा कोण? ज्या अवस्थेत दुसरे कोणी जवळ नसते ती अवस्था दुसऱ्याच्या हातून मिळते, हे ऐकावयास विपरीत खरे. परंतु शहरातील मनुष्याच्या आजच्या मनःस्थितीचा विचार करू लागले म्हणजे हाच प्रश्न आम्हांस सर्वांत महत्त्वाचा वाटू लागतो. त्याचेच थोडे विवरण येथे करण्याचा मानस आहे.

एकटेपणा हा हल्ली केवळ खाजगी दुःखाचा विषय राहिलेला नाही. तो राज्यकारभाराचाही विषय झाला आहे. ब्रिटनने २०१८ साली या कामासाठी एका मंत्र्याची नेमणूक केली, आणि जपानने २०२१ साली त्याचे अनुकरण केले. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयोगाने जून २०२५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अहवालात असे म्हटले आहे की, जगातील दर सहा माणसांमागे एकास एकटेपणाची बाधा आहे, आणि वर्षाकाठी अंदाजे ८ लाख ७१ हजार मृत्यूंशी तिचा संबंध पोहोचतो. ही बाधा वृद्धांपेक्षा तरुणांत अधिक असल्याचेही त्यात नमूद आहे. असले आकडे वाचले की सुज्ञ मंडळी शहराकडे बोट दाखवितात. हे दूषण जुनेच आहे. गेओर्ग झिमेल या जर्मन तत्त्वज्ञाने १९०३ साली महानगर व मनोजीवन या विषयावर जो प्रसिद्ध निबंध लिहिला त्यात त्याचे म्हणणे थोडक्यात असे होते की, महानगरात इंद्रियांवर क्षणोक्षणी इतके आघात होत असतात की प्रत्येकास हृदयाने उत्तर देऊ गेल्यास माणूस मोडून पडावयाचा. म्हणून तो अलिप्ततेचे एक कवच अंगावर चढवितो, आणि त्या कवचाच्या आत, भर गर्दीत, सर्वांहून एकटा पडतो.

झिमेलने आपल्यासमोर बर्लिन ठेविले होते. त्याची ही उपपत्ती मुंबईस लावून पाहिली म्हणजे मात्र एक अडचण उभी राहते. गर्दी हेच जर एकटेपणाचे कारण असते, तर मुंबईच्या ज्या भागांत गर्दी सर्वांत अधिक होती तेथील माणसे सर्वांत एकाकी असावयास हवी होती. १९२० नंतरच्या चार-पाच वर्षांत मुंबई सरकारच्या विकास खात्याने ज्या चाळी बांधल्या, आणि ज्या त्या खात्याच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून ‘बीडीडी चाळी’ म्हणून आजही ओळखल्या जातात, त्यांचेच उदाहरण घ्यावे. वरळीस १२१, नायगावास ४२, डिलाइल रोडला ३२ आणि शिवडीस १२ अशा या २०७ इमारती. प्रत्येक इमारतीत तळमजला धरून चार मजले, मजल्यावर वीस खोल्या, खोलीचे क्षेत्रफळ १६० चौरस फूट, आणि नळ-संडास समाईक. एवढ्या जागेत आठ-आठ, दहा-दहा माणसांची बिऱ्हाडे पिढ्यान्‌पिढ्या नांदली. तेथील लोकांस तुमचे दुःख काय असे विचारले असते तर त्यांनी पाणी, भाडे, ढेकूण, पगार, आजारपण असली शंभर दुःखे सांगितली असती. त्यांत एकटेपणाचा क्रमांक फार खाली लागला असता.

येथे कोणी म्हणेल की, त्यांस एकटेपणा नव्हता हे मान्य, पण एकांत तरी कोठे होता? आमचे उत्तर असे की, एकांत होता. पण तो जागेचा नसून रिवाजाचा होता. दार दिवसभर उघडे असले तरी जाता-येता आत डोकावू नये, हा चाळीचा पहिला नियम. नवीन लग्न झालेल्या घरातील बाकीची मंडळी रात्री अंथरूण-पांघरूण घेऊन गॅलरीत झोपावयास निघत, आणि त्याविषयी कोणी चकार शब्द काढीत नसे. मॅट्रिकचा मुलगा ज्या घरात असे त्याच्या दोन्ही बाजूंचे रेडिओ मार्च महिना लागला की आपोआप हळू होत. घरात मृत्यू झालेल्या बाईच्या पुढ्यात शेजारीण चहा ठेवून, काही न विचारता, तेवढ्याच पावलांनी परत जाई. भिंतींनी जे दिले नाही ते माणसांनी परस्परांस दिले. पाठ फिरविणे, आवाज उतरविणे, उंबऱ्यावरून परतणे या क्रियांतून तेथे एकांत तयार होत असे.

या गोष्टीचे सर्वांत थोर उदाहरण परळच्याच एका चाळीत घडले आहे. विद्यार्थिदशेत भीमराव आंबेडकर आपल्या कुटुंबासह तेथे एका खोलीत राहत होते. स्वयंपाक, निजणे, पाहुणारावळा सर्व त्याच खोलीत. दिवसा तेथे अभ्यास होणे शक्यच नव्हते. तेव्हा वडील रामजी सुभेदार यांनी युक्ती काढली ती अशी की, मुलाने रात्री लवकर निजावे आणि आपण दोन वाजेपर्यंत जागे राहावे. दोन वाजता त्यास उठवावे आणि मग त्याच्या जागी आपण निजावे. घासलेटच्या दिव्याखाली, सारे घर झोपेत असता, त्या मुलाने जो अभ्यास केला त्याच्या जोरावर तो १९०७ साली मॅट्रिक झाला. त्यापुढील इतिहास सर्वांस विदित आहे. चरित्रकारांनी सांगितलेल्या या हकिकतीत विद्यार्थ्याच्या परिश्रमांची प्रशंसा नेहमी होते, आणि ती योग्यच आहे. परंतु आमची दृष्टी त्या जाग्या राहिलेल्या बापावर खिळते. त्या खोलीत एकांत नव्हता. वडिलांनी आपल्या झोपेतून तो कापून काढला आणि मुलाच्या हाती दिला.

आमच्या संतपरंपरेतही हीच गोष्ट निराळ्या वेषात दिसते. तुकोबा देहूजवळच्या भंडाऱ्या डोंगरावर एकांतासाठी जाऊन बसत, हे सर्वश्रुत आहे. परंपरा असेही सांगते की, त्यांच्या पत्नी रोज भाकरी बांधून उन्हातून तो डोंगर चढत. या माउलीस आम्ही कजाग ठरवून तिच्या नावावर पुष्कळ हशा पिकविला. परंतु ज्या एकांतात अभंग जन्मास आले त्या एकांताची चढण कोणाच्या पायांनी चढली गेली, याचा हिशेब मांडावयाचा तर पहिली नोंद तिचीच करावी लागेल.

एकांताची राखण करणारा माणूस जे काम करतो त्याचा गाभा आमच्या मते एवढाच की, ‘हा आत आहे’ याची त्यास जाणीव असते. गिरणगावातील खानावळी आठवाव्यात. घाटावरून व कोकणातून आलेले कामगार बायकामुलांस गावी ठेवून गावकरी मंडळाच्या खोलीत पाळीपाळीने निजत आणि एखाद्या बाईच्या खानावळीत जेवत. त्या बाईंस गिऱ्हाइकाच्या मनातील सुखदुःखे विचारण्यास सवड नसे. पण कोण दोन दिवस आला नाही, कोणाच्या ताटात भात तसाच राहिला, हे त्यांच्या नजरेतून सुटत नसे. अशाच खानावळवाल्या स्त्रियांना संघटित करून प्रेमा पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळाची स्थापना केली, ही गोष्ट अनेकांस ठाऊक असेल. पुढे १८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांचा संप सुरू झाला, गिरण्या एकामागून एक बंद पडल्या, आणि कामगारांबरोबर ती ताटे मोजणारी नजरही त्या भागातून उठून गेली. आजही लोकलच्या ठरावीक डब्यातील मंडळींत तिचा थोडा अंश शिल्लक आहे. वर्षानुवर्षे सातच्या गाडीने एकत्र जाणाऱ्यांना एकमेकांची आडनावेही पुष्कळदा ठाऊक नसतात. पण एखादा चार दिवस दिसला नाही की ‘चष्मेवाले कोठे आहेत?’ अशी विचारपूस होतेच. ज्याची गैरहजेरी कोणाच्या तरी ध्यानात येते तो मनुष्य एकटा असला तरी एकाकी नव्हे.

एवढे लिहून झाल्यावर चाळीचे स्तोत्र गाऊन मोकळे व्हावे, असा मोह होतो. तो आवरला पाहिजे. राखणदार आणि पहारेकरी यांत अंतर थोडे असते, आणि चाळीने ते पुष्कळदा ओलांडले. कोणाची मुलगी कोणाबरोबर बोलली, कोणाकडे कोणत्या जातीचा पाहुणा उतरला, याचीही नोंद त्याच गॅलरीत होत असे. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे, घराघरांतून पुरुषांच्या एकांताची राखण स्त्रियांनी केली. स्त्रियांच्या एकांताची राखण करावयास कोण होते? व्हर्जिनिया वुल्फ या इंग्रज लेखिकेने १९२९ साली, लेखन करू इच्छिणाऱ्या स्त्रीस स्वतःची खोली आणि वर्षाला पाचशे पौंड पाहिजेत, असे प्रतिपादन केले. वर्गात हे पुस्तक शिकविताना आमच्या विद्यार्थिनी हसतात, कारण मुंबईत त्यांपैकी पहिली वस्तू दुसरीपेक्षाही दुर्मिळ. त्यांतील एकीने एकदा सांगितले की, तिच्या आईची स्वतःची खोली म्हणजे विरार लोकलचा स्त्रियांचा डबा होय. त्या दीड तासात ती कोणाची आई नसते, कोणाची सून नसते. खिडकीशी जागा मिळाली तर डोळे मिटून बसते, आणि शेजारची अनोळखी बाई स्टेशन आले म्हणजे तिला हलवून उठविते. झोपेचीसुद्धा राखण करणारे असे कोणी मिळावे लागते.

म्हणून चाळीतून सुटू पाहणाऱ्या माणसास आम्ही दोष देत नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीच्या बीडीडी चाळींतील ५५६ कुटुंबांस नव्या उंच इमारतींत ५०० चौरस फुटांच्या घरांच्या किल्ल्या मिळाल्या. १६० फुटांतून ५०० फुटांत, आणि समाईक संडासातून घरातल्या संडासात जाणे याचे मोल ज्याने ते हाल काढले त्यासच कळावे. परंतु इमारत उभी चढली की गॅलरी नाहीशी होते, आणि गॅलरीबरोबर तो जाता-येता होणारा जागता शेजारही. उद्वाहकाचे दार उघडते, समोर चार बंद दारे, प्रत्येकावर बाहेर पाहण्याचे एक भिंग. खाली पहारेकरी असतो. तो आत येणाऱ्याची नोंद ठेवतो, आत असलेल्याची नव्हे. अशा घरात कोणी आपल्या एकांतात व्यत्यय आणीत नाही, हे खरे. पण तो कोणी राखीतही नाही. राखणदाराविना राहिलेल्या एकांतासच, आम्हांस वाटते, एकटेपणा हे नाव आहे.

हे अनुमान केवळ पुस्तकी नाही, हे सांगण्यासाठी थोडे स्वतःविषयी लिहिणे भाग आहे. आमचे लेखन-वाचन पंचवीस वर्षे दोन खोल्यांच्या एका घरात झाले. सकाळी सहा ते नऊ हा आमचा वेळ. त्या वेळात दूधवाला, दूरध्वनी, वर्गणी मागणारे, आलागेला यांपैकी कोणीही आमच्यापर्यंत पोहोचत नसे. कारण मधल्या दाराबाहेर आमची पत्नी असे. ती शाळेत शिक्षिका होती. तिचा वेळ संध्याकाळचा. त्या दोन तासांत ती वह्या तपाशी किंवा नुसती पेटी घेऊन बसे, आणि बाहेरचे दार आम्ही सांभाळीत असू. आमच्या संसारातील हा करार दोघांनाही पुरता ठाऊक होता, आणि त्याबद्दल एकमेकांचे आभार मानण्याचीही आम्हांस सवय होती. तीन वर्षांपूर्वी ती गेली. कन्या नोकरीनिमित्त बंगळुरास असते. आता चोवीस तास आमच्याकडे कोणी येत नाही. एकांताची मोजदाद तासांनी करावयाची तर आमच्याइतका धनिक विरळा. परंतु सकाळी सहा वाजता त्याच खुर्चीवर, त्याच खिडकीपाशी पुस्तक उघडून बसले असता पान उलटेना. घरात पूर्वीपेक्षा अधिक शांतता होती. उणे एवढेच होते की दारापलीकडे कोणी नव्हते. ज्यास आम्ही आपला एकांत म्हणत होतो तो एक अर्धाच भाग होता; दुसरा अर्धा दाराच्या त्या बाजूस होता.

अशा वेळी हातातला मोबाइल धाव घेऊन येतो. त्याच्याविषयी इतके लिहिले गेले आहे की आणखी भर घालण्याची गरज नाही. एवढेच म्हणावेसे वाटते की, तो माणसे आणतो पण सोबत आणीत नाही, आणि खोलीत कोणी नसतानाही खोली रिकामी राहू देत नाही. अंतःकरणात एखादा विचार बी धरू लागला की तो वाजतो. आमच्या वर्गातील तरुण-तरुणींस आम्ही जेव्हा ‘घटकाभर स्वस्थ बसून काय सुचते ते लिहा’ असे सांगतो तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर आळस नसतो, भीती असते. लातूर, सांगली, रत्नागिरीहून येऊन एकेका खोलीत तिघे-चौघे राहणारी ही मुले; त्यांस सोबतही पुरेशी नाही आणि एकांतही नाही. आतील जीवन ही काही उपजत मिळणारी वस्तू नव्हे. बाहेर कोणीतरी आपल्यासाठी थांबले आहे, या विश्वासावर मनुष्य आत उतरतो. विहिरीत उतरणाऱ्याचा दोर वर कोणीतरी धरलेला असतो तसे. दोर धरणारा नसेल तर शहाणा माणूस काठावरच बसून राहतो, आणि काठावर बसून आयुष्य काढणे यासच हल्ली आपण गजबजलेले जीवन म्हणतो.

तथापि त्याच यंत्राने चालणाऱ्या एका प्रकाराची सुशिक्षित लोक जी थट्टा करतात तीत सामील होण्यास आम्ही तयार नाही. आमच्या इमारतीतील वयस्क मंडळी रोज पहाटे एकमेकांस ‘सुप्रभात’ म्हणून फुलांची चित्रे पाठवितात. त्यांत ना काव्य ना विचार, हे आम्हांसही दिसते. परंतु गेल्या पावसाळ्यात तिसऱ्या मजल्यावरील एका आजोबांचे फूल आले नाही, म्हणून साडेसात वाजता कोणीतरी त्यांचे दार ठोठावले, आणि ते तापाने पडले असल्याचे कळले. तेव्हापासून त्या चित्रांकडे आम्ही साहित्य म्हणून पाहणे सोडून दिले आहे. ती हजेरी आहे. खानावळीतील ताटे मोजणे जेथे शक्य नाही तेथे लोक फुले मोजू लागले, इतकेच.

शहराच्या अंतःकरणात ओल उरलेली नाही, असे म्हणणाऱ्याने २६ जुलै २००५ ची रात्र आठवावी. सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला, आणि रस्तोरस्ती अडकलेल्या अनोळखी लोकांस मुंबईकरांनी घरांत घेतले, चहा दिला, कोरडे कपडे दिले. त्या रात्री भिंगाची दारे कशी उघडली, हे अनेकांनी पाहिले आहे. अडचण अशी की, एकटेपणाचा पूर येत नाही. तो भिंतीत मुरणाऱ्या पाण्यासारखा असतो, आणि त्यासाठी कोणी दार उघडावे अशी घटका कधी वाजत नाही. ती घटका आपणच वाजवावी लागते.

याचा प्रत्यय आम्हांस अनपेक्षित ठिकाणाहून आला. आमच्याकडे पोळ्या करावयास ज्या बाई येतात त्यांनी एका सकाळी आम्हांस टेबलापाशी पाहिले आणि भांड्यांचा आवाज नको म्हणून मधले दार हलकेच ओढून घेतले. थोड्या वेळाने टपाल घेऊन कोणी आला, त्यास ‘सर लिहीत बसलेत, माझ्याकडे द्या’ असे त्या सांगत असलेले ऐकू आले. त्या दिवशी आमच्या हातून कित्येक महिन्यांनी एक पान लिहून झाले. पुढे कळले की त्यांची मुलगी दहावीस असून घरी अभ्यासास जागा नाही. आता ती दुपारी तीन ते सहा आमच्याकडे येऊन बसते. आम्ही बाहेरच्या खोलीत असतो, दूरध्वनी उचलतो, घंटी वाजण्यापूर्वी दार उघडतो. आतून पान उलटल्याचा आवाज येतो तेव्हा, आमचा तिच्या भूमितीशी काही संबंध नसताही, घर भरल्यासारखे वाटते.

शहरे लहान होणार नाहीत, आणि गेलेली गॅलरी परत येणार नाही. मंत्री नेमावेत, अहवाल निघावेत, त्यांचा उपयोग होवो. परंतु जे काम रामजी सुभेदारांनी एका खोलीत केले त्यास खाते लागत नाही. कोणाच्या तरी दारापलीकडे आपण आहोत हे त्यास ठाऊक असावे, आणि आपण येऊन त्याचे दार मात्र वाजवू नये. किंवा तो दिसेनासा झाला तर वाजवावे. या दोहोंपैकी केव्हा काय करावे हे ज्यास कळते तो उत्तम शेजारी होय. एकांत मिळतो असे आपण म्हणतो. तो देताही येतो, हे त्या क्रियापदातच सांगून ठेविलेले आहे.